माकडहाडावरचं न भरणारं गळू : पायलोनिडल सायनस म्हणजे काय, आणि तो पुन्हा पुन्हा का होतो?

भिवंडीतून वाड्याच्या रस्त्याला लागलं की शेलार येतं. यंत्रमागांच्या शेड, सायझिंग, गोदामं, आणि त्यांच्यामधून रात्रंदिवस ये-जा करणारे ट्रक, टेम्पो, रिक्षा. या पट्ट्यात कुणाचे दहा-दहा तास स्टिअरिंगमागे जातात, कुणाचे गोदामातल्या कम्प्युटरपुढे, कुणाचे पार्सल घेऊन बाईकवर. पाठ धरली, कंबर गेली, हे इथे कोणीही मोकळेपणाने सांगतं. पण ‘बसायच्या जागी गळू झालंय आणि त्यातून पू येतोय’ हे मित्रालाही सांगितलं जात नाही.

मग सुरू होतो एक ठरलेला प्रवास. आधी मेडिकलमधून मलम. मग पाच दिवसांच्या गोळ्या. गळू फुटतं, बरं वाटतं. दोन-तीन महिन्यांनी त्याच जागी पुन्हा ठणका. कोणीतरी ‘उष्णता झाली’ म्हणतं, कोणी ‘रक्त खराब आहे’ म्हणतं. भिंतीवरच्या ‘मूळव्याध, भगंदर, नासूर : बिना ऑपरेशन खात्रीशीर इलाज’ या जाहिरातीवरचा नंबर फिरवला जातो. यात वर्ष-दोन वर्षं सहज निघून जातात, आणि तोवर एका लहानशा छिद्राचं त्वचेखाली भुयार झालेलं असतं.

या आजाराचं नाव पायलोनिडल सायनस. तो मूळव्याध नाही, भगंदर नाही, आणि रक्त खराब झाल्यामुळेही होत नाही. तो होतो केसामुळे.

केसांचं घरटं

केसाच्या मुळाशी होणाऱ्या फोडाला मराठीत ‘केसतोड’ म्हणतात. केस उपटला, तुटला, की तिथे पुळी येते, हे घरातल्या जुन्या माणसांना पक्कं ठाऊक असतं. पायलोनिडल सायनसची गोष्ट याच्या जवळची आहे, पण एका मोठ्या फरकासह. इथे केस आतून बाहेर येताना अडकत नाही. बाहेरचा सुटा केस कातडीत आत शिरतो.

दोन्ही नितंबांच्या मध्ये जी खोल घळ असते, तिच्या वरच्या टोकाला, माकडहाडाच्या आसपास ही जागा आहे. गळून पडलेले केस या घळीत जमतात. तिथे घाम असतो, हवा पोचत नाही, आणि चालताना-बसताना दोन्ही बाजूंची कातडी एकमेकींवर घासत राहते. केसाचा पृष्ठभाग सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला तर त्यावर खवले दिसतात. या खवल्यांमुळे केस एका दिशेने सहज सरकतो, पण उलटा फिरताना अडतो. गवताचं कुसळ धोतराच्या काठातून जसं वरवर चढत जातं, तसा घासण्याच्या प्रत्येक झटक्याने केस थोडा थोडा आत जातो.

आत गेलेला केस शरीराच्या लेखी परकीय वस्तू आहे, काट्यासारखी. शरीर त्याच्याभोवती सूज धरतं, पू करतं, त्याला बाहेर ढकलू पाहतं. पण त्याच छिद्रातून मागोमाग दुसरा केस येतो, मग तिसरा. शस्त्रक्रियेत असं भुयार उघडलं की पुष्कळदा केसांचा पुंजका बाहेर निघतो. ‘पायलस’ म्हणजे केस आणि ‘नायडस’ म्हणजे घरटं, या दोन लॅटिन शब्दांवरून रिचर्ड हॉजेस या अमेरिकन डॉक्टरने १८८० मध्ये या आजाराला नाव दिलं, ते शब्दशः खरं आहे.

पुष्कळजण याला ‘पायलोनिडल सिस्ट’ म्हणतात. सिस्ट म्हणजे स्वतःचं अस्तर असलेली पिशवी. इथे तशी पिशवी बहुतेकदा नसतेच. असतं ते भुयार. हा फरक फक्त शब्दांचा नाही, उपचारही त्यावर ठरतो. ते पुढे येईलच.

आत शिरणारे केस कुठले, याचं उत्तर अलीकडच्या काळात थोडं बदललं आहे. आधी समजूत अशी होती, की ते कमरेचे किंवा नितंबांवरचेच केस असणार. जर्मनीतल्या संशोधकांनी शस्त्रक्रियेत निघालेले केस तपासले, तेव्हा त्यांत मूळ नसलेले, टोकाला धारदार कापलेले आखूड तुकडे मोठ्या संख्येने सापडले. २०१८ मध्ये त्यांनी हे निष्कर्ष प्रसिद्ध केले. असे तुकडे डोक्याच्या केसांचे असतात, आणि ते तयार होतात केशकर्तनालयात. मानेवरून कॉलरमध्ये, कॉलरमधून पाठीवर आणि पाठीवरून थेट घळीत, असा त्यांचा मार्ग असावा.

कटिंग करून आल्यावर आंघोळ केल्याशिवाय घरात कशाला हात लावायचा नाही, ही आजीची शिस्त बऱ्याच घरांत होती. तिच्यामागचं कारण सोवळ्या-ओवळ्याचं होतं, आरोग्याचं नव्हे, आणि अशा आंघोळीने हा आजार टळतो असं कोणी सिद्ध केलेलं नाही. तरी ज्याला हा त्रास एकदा झाला आहे, त्याने ती शिस्त पाळण्यात तोटा काहीच नाही.

जीपचा आजार

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी लष्कराला या आजाराने जेरीस आणलं होतं. १९४१ ते १९४५ या काळात सुमारे ७९ हजार सैनिकांना त्यासाठी रुग्णालयात भरती व्हावं लागलं. खडबडीत रस्त्यांवर, टणक सीटच्या जीपमधून तासन्‌तास हादरे खात जाणारे हे विशीतले तरुण होते. लुई बुई या डॉक्टरने १९४४ मध्ये याला ‘जीप डिसीज’ असं नाव दिलं आणि ते रूढ झालं. भिवंडीच्या खड्ड्यांतून टेम्पो हाकणाऱ्याला हे नाव समजावून सांगावं लागणार नाही.

पण जीपला सगळा दोष देणं बरोबर नाही. आयुष्यात जीपमध्ये न बसलेल्यांनाही हा आजार होतो. जास्त वेळ बसणं आणि हादरे यांनी केस आत ढकलायला मदत होते, इतकंच. दाट आणि राठ केस, खोल घळ, वाढलेलं वजन, घरात आधी कुणाला झालेला असणं, या गोष्टींनीही शक्यता वाढते. वय महत्त्वाचं. हा आजार साधारण पंधरा ते तीस या वयाचा. वयात येण्याआधी तो क्वचितच दिसतो आणि चाळिशीनंतर नव्याने होण्याचं प्रमाण खूप कमी आहे. पुरुषांत स्त्रियांपेक्षा कितीतरी जास्त, पण स्त्रियांना होत नाही असं नाही. नॉर्वेतल्या एका जुन्या पाहणीत दर लाख लोकांमागे वर्षाला २६ नवे रुग्ण आढळले होते. म्हणजे दुर्मीळ म्हणता येईल असा हा आजार नाही, फक्त तो बोलला जात नाही.

त्या लष्करी रुग्णालयांत पुढे जे घडलं, ते आजच्या रुग्णाने समजून घेण्यासारखं आहे. त्या काळी डॉक्टरांची धारणा अशी होती, की हा दोष जन्मजात आहे. गर्भात पाठीचा कणा तयार होताना तिथे काहीतरी अर्धवट राहून जातं, आणि तेच पुढे चिघळतं. जन्मजात दोष म्हटला की तो मुळापासून काढायला हवा. म्हणून थेट हाडापर्यंत मोठाले खड्डे खणून मांस काढलं जाई. सैनिक महिनोन्‌महिने पालथे पडून राहत, आणि एवढं करून आजार परत येई.

१९४८ मध्ये लंडनच्या पेटी आणि स्कार्फ या दोन डॉक्टरांनी एका न्हाव्याच्या बोटांमधल्या बेचक्यात अगदी असाच सायनस झालेला दाखवला. आत होते गिऱ्हाइकांचे केस! बोटांच्या बेचक्यात जन्मजात माकडहाड असण्याचा प्रश्नच नाही. मग केस बाहेरूनच शिरतो, हे उघड झालं. पुढे ग्रीसच्या लष्करातले सर्जन जॉर्ज कॅरिडाकिस यांनी हजारो सैनिकांवर उपचार करून तीच गोष्ट पक्की केली : सुटा केस, त्याला आत ढकलणारी शक्ती, आणि त्याला वाट देणारी घळीतली नाजूक कातडी, हे तीन घटक एकत्र आले की आजार होतो.

आजार आतला असेल तर मूळ उपटावं लागतं. बाहेरून येत असेल तर दार बंद करावं लागतं. गेल्या पन्नास-साठ वर्षांत या शस्त्रक्रियेत झालेला बदल या एका वाक्यात सांगता येतो. गंमत म्हणा किंवा दुर्दैव, आजही पुष्कळ ठिकाणी पहिल्या समजुतीनेच मोठी जखम केली जाते.

ओळखायचं कसं?

तीन चित्रं दिसतात. पहिलं, काहीच त्रास नाही, पण घळीच्या बरोबर मधल्या रेषेत एक किंवा दोन-तीन बारीक छिद्रं, दाभणाने टोचल्यासारखी. कधी त्यातून केसाचं टोक डोकावतं. अशा छिद्रांचा त्रास नसेल तर शस्त्रक्रियेची गरज नसते. जागा स्वच्छ ठेवणं आणि केस काढणं एवढं पुरतं.

दुसरं, अचानक आलेलं गळू. एक-दोन दिवसांत माकडहाडाजवळ, बहुतेकदा मधल्या रेषेच्या एका बाजूला, लाल, गरम, ठणकणारी सूज येते. बसता येत नाही, ताप येऊ शकतो.

तिसरं चित्र सर्वांत जास्त काळ चालणारं. दुखणं फार नाही, पण चड्डीला अधूनमधून डाग, पू किंवा रक्तमिश्रित पाणी, वास. बंद होतं, पुन्हा उघडतं.

मूळव्याधीशी याची गल्लत होते, ती मुख्यतः लाजेमुळे. ‘खाली त्रास आहे’ एवढंच सांगितलं आणि कपडे न उतरवता औषध घेतलं, तर दुसरं काय होणार? मूळव्याधीचा संबंध शौचाशी असतो, रक्त शौचाच्या वेळी जातं. भगंदराचं छिद्र गुदद्वाराच्या जवळ असतं आणि त्याची वाट आत गुदमार्गात उघडते. पायलोनिडलची छिद्रं गुदद्वारापासून बरीच वर, माकडहाडाच्या भागात, आणि त्याचं भुयार सहसा वरच्या दिशेने, कमरेकडे जातं. सर्जनला हे बहुतेकदा नुसतं पाहून कळतं. रक्ताच्या डझनभर चाचण्यांची गरज नसते. छिद्र गुदद्वाराच्या फार जवळ असेल आणि भगंदराची शंका असेल, तर मात्र एमआरआय उपयोगी पडतो. आपल्याकडे क्षयामुळेही अशी न भरणारी जखम होऊ शकते, म्हणून काढलेला तुकडा प्रयोगशाळेत तपासायला पाठवला का, हे विचारून घ्यावं.

एक साधी युक्ती : मोबाईलने स्वतःच त्या जागेचा फोटो काढून पाहणं. आपल्याला कधीच न दिसणारी ती जागा आहे. फोटोतलं छिद्र नेमकं कुठे आहे हे दिसलं, की डॉक्टरला सांगणंही सोपं जातं. तो फोटो व्हॉट्सअ‍ॅपवरच्या अनोळखी ‘वैद्यां’ना मात्र पाठवू नये.

गळू आलं असेल तर

पू साठलेल्या गळूवर एकच उपाय आहे : ते उघडून पू काढणं. अँटिबायोटिक रक्तातून जातं, आणि पुवाच्या पिशवीत रक्त फिरत नाही. म्हणून गोळ्यांनी ठणका थोडा दबतो, पू तिथेच राहतो. आजूबाजूची कातडी लाल होत पसरत असेल, ताप असेल, मधुमेह असेल, तर गोळ्या लागतात, पण चिरा देण्याच्या जोडीला, त्याच्याऐवजी नव्हे. जागा बधिर करून दहा-पंधरा मिनिटांत हे काम होतं आणि रुग्ण त्याच दिवशी घरी जातो. घरी पिळून, सुई टोचून गळू फोडू नये. पू आतल्या आत पसरतो. कोमट पाण्यात बसल्याने आराम पडतो, तेवढं जरूर करावं.

चिरा दिल्यावर काही जणांचं त्यावरच भागतं, पुन्हा त्रास होत नाही. पुष्कळांना मात्र नंतर मूळ भुयारावर उपचार करून घ्यावा लागतो. हे दोन वेगळे टप्पे आहेत. गळूच्या सुजेत घाईने मोठी शस्त्रक्रिया करून घेण्यापेक्षा सूज ओसरू देऊन, काही आठवड्यांनी शांतपणे निर्णय घेतलेला बरा.

कोणती शस्त्रक्रिया, हाच खरा प्रश्न

सर्वांत जुनी आणि अजूनही सर्रास होणारी पद्धत म्हणजे भुयाराचा भाग कापून काढणं आणि जखम उघडी ठेवून ती तळापासून आपोआप भरू देणं. शस्त्रक्रिया सोपी, पण जखम भरायला दीड-दोन महिने, कधी त्याहून जास्त लागतात. रोज ड्रेसिंग. आणि जागा अशी, की स्वतःच्या हाताने करता येत नाही. घरी आई, बायको, भाऊ असेल तर ठीक. पण एका खोलीत आठ-दहा जण राहणारे, गाव उत्तर प्रदेश-बिहारात किंवा तेलंगणात असलेले यंत्रमाग कामगार भिवंडीत हजारोंनी आहेत. त्यांचं रोजचं ड्रेसिंग कोण करणार? ‘ऑपरेशन सोपं आहे’ हे अर्धंच उत्तर आहे. शस्त्रक्रिया अर्ध्या तासाची आणि तिचं शेपूट दोन महिन्यांचं असतं.

दुसरी पद्धत, भाग काढून मधल्या रेषेवरच सरळ टाके घालणं. दिसायला नीटनेटकी, दहा-बारा दिवसांत मोकळं व्हायची आशा. पण ज्या खोल, घामट, घासणाऱ्या रेषेतून केस आत शिरत होता, तिथेच नवी शिवण. टाके उसवतात, आणि भरलेल्या शिवणीतून पुन्हा केस शिरतो. २०१८ मध्ये जगभरच्या जवळपास ९० हजार रुग्णांच्या नोंदी एकत्र करून पाहिल्या गेल्या, तेव्हा मध्यरेषेवर टाके घेतलेल्यांमध्ये वीस वर्षांत आजार परत येण्याचं प्रमाण दोन तृतीयांशांच्या घरात गेलेलं दिसलं. टाके घालायचेच असतील तर ते मधल्या रेषेपासून बाजूला हवेत, यावर आता जगभरच्या तज्ज्ञांचं एकमत आहे. सर्जनला एकच प्रश्न विचारायचा असेल तर तो हा : ‘टाके मधोमध येणार की बाजूला?’

बाजूला टाके येणाऱ्या पद्धतींना फ्लॅप म्हणतात. कॅरिडाकिस यांची पद्धत, अमेरिकेच्या जॉन बॅस्कम यांची ‘क्लेफ्ट लिफ्ट’, आणि रशियन सर्जन लिम्बर्ग यांच्या नावाची चौकटीच्या आकाराचा तुकडा फिरवून बसवण्याची पद्धत. तिन्हींत तपशील वेगळे, तत्त्व एक : घळ उथळ करायची आणि शिवण उघड्यावर, हवेशीर जागी आणायची. म्हणजेच दार बंद करायचं. लिम्बर्ग आपल्याकडे बरीच प्रचलित आहे. ती टिकाऊ आहे, पण व्रण मोठा आणि वाकडातिकडा राहतो, हे तरुण मुलामुलींना आधी सांगितलेलं बरं. फ्लॅपनंतर साधारण दोन-तीन आठवडे बसण्यावर बंधनं येतात. जड उचलणं आणि बाईक त्याहून थोडी उशिरा.

आजार लहान असेल, दोन-चार छिद्रं आणि छोटं भुयार, तर फ्लॅपचा घाट घालायची गरजच नसते. बॅस्कम यांनीच १९८० च्या सुमारास ‘पिट पिकिंग’ मांडलं. फक्त मधल्या रेषेतली छिद्रं तांदळाच्या दाण्याएवढ्या तुकड्यात काढायची, बाजूने एक चिरा देऊन आतले केस साफ करायचे, संपलं. जागेपुरती भूल, त्याच दिवशी घरी, काही दिवसांत कामावर. आजार परत येण्याची शक्यता फ्लॅपपेक्षा जास्त, पण परत आला तरी पुन्हा तेवढंच करता येतं. रोजंदारीवरच्या माणसासाठी हा हिशेब महत्त्वाचा आहे. भुयारात फिनॉल भरून ते आतून जाळण्याची पद्धतही याच जातीची, स्वस्त आणि बऱ्यापैकी परिणामकारक.

‘लेझर’ म्हणजे नेमकं कोणतं?

फेसबुक आणि इन्स्टाग्रामवर सर्वांत जास्त जाहिराती लेझरच्या दिसतात : ना चिरा, ना टाका, ना वेदना. इथे दोन अगदी वेगळ्या गोष्टी एका नावाखाली खपतात.

एक लेझर भुयाराच्या आत बारीक तार घालून ते आतून जाळतं. जखम लहान राहते हे खरं. दुर्बिणीने आत पाहून केस काढण्याची पद्धतही आहे. योग्य रुग्णात या पद्धती चांगल्या ठरतात. पण ‘लेझर म्हणजे कायमचा इलाज’ हा दावा जाहिरातीचा आहे, शास्त्राचा नाही. वीस वर्षांच्या नोंदी जशा जुन्या पद्धतींच्या आहेत, तशा यांच्या असूच शकत नाहीत. ही तंत्रं तेवढी जुनीच नाहीत. मधल्या रेषेतली छिद्रं आणि आतले केस तसेच ठेवून नुसतं जाळलं, तर घरटं पुन्हा बांधलं जातं.

दुसरं लेझर त्वचारोगतज्ज्ञांकडचं, केस काढण्याचं. त्याची जाहिरात कमी होते, पुरावा मात्र त्याच्या बाजूने चांगला आहे. अमेरिकेत ११ ते २१ वयोगटातल्या ३०२ रुग्णांवर चाचणी झाली. एका गटाला नेहमीचे उपचार आणि केस काढण्याचा साधा सल्ला दिला, दुसऱ्याला त्याशिवाय लेझरने केस काढून दिले. वर्षभरात पहिल्या गटात सुमारे ३४ टक्क्यांना त्रास परत झाला, लेझरच्या गटात सुमारे १० टक्क्यांना. जाहिरात पाहून क्लिनिकमध्ये गेलात तर ‘यातलं कोणतं लेझर?’ एवढं विचारा. उत्तर देताना समोरचा चाचरला, तर दुसरं दार शोधलेलं बरं.

साध्या रेझरने दाढी केल्यासारखे केस काढावेत का, यावर मात्र मतभेद आहेत. जर्मन लष्करातल्या जुन्या रुग्णांच्या दीर्घ पाहणीत शस्त्रक्रियेनंतर रेझर वापरणाऱ्यांमध्ये आजार परत येण्याचं प्रमाण कमी होण्याऐवजी जास्त आढळलं. ताज्या कापलेल्या केसाचं टोक धारदार असतं, हे आठवलं की त्यामागचं कारण समजतं. ट्रिमर किंवा केस काढायची क्रीम चालते, क्रीम मात्र उघड्या जखमेला लागू देऊ नये.

आयुर्वेदातलं क्षारसूत्र

सुश्रुतसंहितेत नाडीव्रणाचे प्रकार सांगताना ‘शल्यज’ म्हणजे परकीय वस्तूमुळे झालेला नाडीव्रण वेगळा नोंदला आहे. पायलोनिडलशी त्याचं नातं आयुर्वेदाचे शल्यचिकित्सक जोडतात, आणि केस हेच शल्य मानलं तर ते चपखल बसतं. निवडुंगाच्या जातीतल्या स्नुहीचा चीक, आघाड्याचा क्षार आणि हळद यांची पुटं दिलेला दोरा भुयारातून ओवायचा, तो ठरावीक दिवसांनी बदलत न्यायचा, असा हा उपचार. भगंदरासाठी त्याचा चांगला उपयोग होतो. पायलोनिडलसाठीही तो केला जातो, मात्र तो शल्यतंत्रात पदव्युत्तर शिक्षण घेतलेल्या वैद्याकडे, आतले केस आधी साफ करून. भिंतीवरच्या जाहिरातीतला, पदवीचा पत्ता नसलेला ‘नासूर स्पेशालिस्ट’ काहीतरी जळजळीत द्रव टोचतो, ते क्षारसूत्र नव्हे. अशा प्रयोगांनी भाजून निघालेली जागा नंतर कुठल्याही सर्जनला सांधायला कठीण जाते.

खर्च आणि रजा

भिवंडीत इंदिरा गांधी स्मृती उपजिल्हा रुग्णालय आहे, ठाण्यात जिल्हा सामान्य रुग्णालय, कळव्यात महापालिकेचं छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालय. गळू उघडण्यासाठी यांपैकी कुठेही जाता येतं. त्यासाठी मोठ्या खाजगी पॅकेजची गरज नाही. फ्लॅप करायचा असेल तर ‘तुम्ही हे किती वेळा केलं आहे’ हा प्रश्न सरकारी आणि खाजगी दोन्हीकडे विचारण्यात काही गैर नाही. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत आपली शस्त्रक्रिया बसते का, हे योजनेतल्या रुग्णालयात बसणाऱ्या आरोग्यमित्राला भरती होण्याआधी विचारावं, नंतर नव्हे.

गोदामातल्या, कारखान्यातल्या पुष्कळ कामगारांच्या पगारातून ईएसआयसीचे पैसे कापले जातात आणि ते कशासाठी हे त्यांना माहीत नसतं. महिना २१ हजार रुपयांपर्यंत वेतन असलेल्या विमाधारकाला उपचार तर मिळतातच, शिवाय आजारपणाच्या रजेत वेतनाच्या ७० टक्के रक्कम, वर्षाला ९१ दिवसांपर्यंत मिळू शकते. अट अशी, की आधीच्या सहा महिन्यांच्या काळात किमान ७८ दिवसांची वर्गणी भरलेली हवी. ठेकेदाराकडचा कामगारही यात येतो. उघड्या जखमेच्या दोन महिन्यांत घर कसं चालवायचं, या भीतीने जो शस्त्रक्रिया टाळतो, त्याच्यासाठी पगाराच्या पावतीवरचा तो विमा क्रमांक औषधाइतकाच कामाचा आहे. त्यासाठी आजारपणाचं प्रमाणपत्र ईएसआयच्या डॉक्टरचं लागतं आणि ते वेळच्या वेळी घ्यावं लागतं.

मुलींच्या बाबतीत अडचण वेगळी असते. सोळा-सतरा वर्षांची मुलगी आईलाही हे सांगत नाही, आणि सांगितलं तर पुरुष डॉक्टरकडे न्यायला घर तयार नसतं. स्त्री सर्जन जवळपास नसेल, तरी तपासणीच्या वेळी नर्स किंवा आई सोबत असावी असं म्हणण्याचा हक्क तिला आहे. ही तपासणी कुशीवर किंवा पालथं झोपून होते, दोन मिनिटं लागतात आणि जेवढी जागा पाहायची तेवढीच उघडी करावी लागते. एवढं आधी सांगितलं तरी बऱ्याच मुली तयार होतात.

शस्त्रक्रियेनंतरही केस गळायचे थांबत नाहीत. म्हणून जखम भरल्यावर निदान तिशीपर्यंत त्या जागेचे केस काढत राहणं, आंघोळीच्या वेळी घळीत अडकलेले सुटे केस धुऊन टाकणं, लांबच्या गाडीत दर तास-दीड तासाने उतरून पाय मोकळे करणं, वाढलेलं वजन उतरवणं, हे चालू ठेवावं लागतं. आणि जखम भरल्यानंतर काही आठवड्यांनी त्याच जागी ओलसर वाटू लागलं, तर मेडिकलमधल्या मलमाकडे न जाता ज्याने शस्त्रक्रिया केली त्याच सर्जनला लगेच दाखवावं. जखम पुरती उघडायच्या आत आतला एखादा केस चिमट्याने काढून टाकला, तर पुष्कळदा तेवढ्यावर निभावतं.